सव्विसाव्या मिनिटानंतर

सिग्नल फक्त सातव्या थप्पीवर येतो,
म्हणून मी धानाच्या पोत्यांवर चढून बसतो.
अंगाभोवती बारदाना, एका कानात इअरफोन.
दुसरा कान सोसायटीचा,
त्याचे साडेसहा हजार मिळतात महिन्याला.

खाली तीन हजार पोती, वजनकाटा,
ग्रेडरची साखळीनं बांधलेली खुर्ची,
आणि चुलबंदीवरून येणारं धुकं,
जे पावती न फाडता आत येतं.

आम्ही पाच.
सुगत चाकणच्या खोलीतून, शिफ्ट संपवून.
डेव्हिड आत्राम कुरखेड्याहून. तो पुढं उभा राहून मार खातो,
खेळात आणि बोलण्यातही.
रोशनी उके भरतीची तयारी करते, पहाटे चारला धावायला उठते,
म्हणून गोधडीत तोंड खुपसून
कुजबुजत वीज पाडते.
पाचवा कोण, माहीत नाही. तो बोलत नाही.
नाव लिहिलंय धुऱ्यावरचा_१९.

मी सपोर्ट.
म्हणजे सोनं दिसलं की बाजूला सरायचं.
सुरुवातीला मजाच वाटते,
याला थोडं रक्त, तिला थोडी ढाल,
"लोमेश, इकडं ये ना बे", "लोमेश, मले दे".
सव्विसाव्या मिनिटानंतर खेळ बदलतो.
सगळ्यांच्या सहाही वस्तू भरलेल्या,
माझ्या साडेतीन.
शत्रूचा एक बाण, आणि मी नाही.
इतका हलका झालेला असतो
की मला मारल्याचं त्यांना बक्षीसही धड मिळत नाही.

तरी गवतात आधी मीच जायचं.
गवत रिकामं आहे हे कळायला
कोणीतरी आत जाऊन परत यावं लागतं.
गवत भरलेलं आहे हे कळायला
परत यावं लागत नाही.

"थांब ना बे," सुगत म्हणाला, "अल्टी आली का तुही?"
आली होती. एकच.
डेव्हिडचं रक्त बोटभर, सुगत पुरता भरलेला.
अंगठा डेव्हिडकडं गेला होता.
दिली सुगतला.
डेव्हिड काही बोलला नाही.
त्याच्याकडं कुठंतरी कोंबडा आरवला, अवेळी,
आणि तो पडला.

मग मी गवतात.

पडदा राखाडी. एक्कावन्न सेकंद.

एक्कावन्न सेकंदांत थप्पीवरून उतरता येतं,
ताडपत्रीच्या चारही टोकांवर बॅटरी मारता येते.
"च्या मायले, दोरी सुटली," असं स्वतःशी म्हणता येतं,
तिला गाठ मारता येते
(दवानं ओली, बोटं ऐकत नाहीत),
काट्याखाली निजलेल्या कुत्र्याला
"सरक ना बे" म्हणून पायानं ढोसता येतं.
आणि शेजारच्या घरात भांडण चालावं तसं
कानात युद्ध ऐकू येतं,
रोशनीची दबकी "आई वं",
सुगतचे नुसते श्वास,
मग काहीतरी मोठं ढासळल्याचा आवाज.
कोणाचं, ते वर चढेपर्यंत कळत नाही.

आमचं नव्हतं.

सुगतच्या नावावर मुकुट, सतरा मारले.
माझ्यासमोर शून्य. बारादा मेलो.
एकतीसदा हात लागला.
तो शेवटचा आकडा थोडा वेळ पाहिला,
ग्रेडर ओलावा पाहतो तसा.

"झोपा आता, मले धावाचं हाय," रोशनी.
डेव्हिड आधीच नव्हता.
सुगत "भाई" म्हणाला, पुढं काहीतरी म्हणणार होता,
त्याची रेंज गेली.

पाचवा मात्र हलला नाही.
त्याचा माईक पहिल्यांदाच खरखरला.
वयस्क आवाज, खोकून साफ केलेला.

"दोरी बसली का?"

मला काही सुचलं नाही.
बसली, म्हणालो.

"अन् कुत्रं? सरकलं?"

मी खाली बॅटरी मारली, पुन्हा एकदा नीट पाहिलं.
नाही, म्हणालो. नाही सरकलं.