सातवी पायरी

डोंगर उतरून वेल्सच्या गुरांचे तांडे
लंडनच्या बाजाराला जायचे, तेव्हाची ही सराई.
तुळई इतकी खाली, की उंच माणूस
आत येतानाच नमस्कार करतो.

तेगवेन प्रॉसर ग्लास पुसत पाहुण्यांना सांगते :
चार नंबरच्या खोलीत राखाडी झग्यातली बाई.
सतराशे बेचाळीस. प्रेमभंग.
रात्री अडीचला जिना उतरते,
सातवी पायरी वाजते.

कोपऱ्यातला इड्वल, निवृत्त मोजणीदार,
मांडीवर कागदांची पिशवी,
मान न उचलता म्हणतो :
जिना अठराशे एकाहत्तरचा.
रेल्वे आली, पैसा आला, मग बांधला.
त्याआधी इथे शिडी होती.
शिडीवरून झगा सांभाळत कोण उतरतं, तेगवेन?

हसतो आम्ही सगळे. तीही.
गेल्या वर्षी बर्मिंगहॅमचा एक दंतवैद्य
पहाटे अनवाणी खाली आला, ती म्हणते,
आणि पूर्ण भाडं देऊन गेला.

तिखटमीठ कोणी लावलं, तेही इड्वलने शोधलंय :
तुझ्या आजेसासऱ्याने, एकतीस साली,
गिऱ्हाईक आटलं तेव्हा.
त्याआधीच्या एकाही कागदात ही बाई नाही.
जन्म नाही, लग्न नाही, मूठमाती नाही.
न मरता भूत झालेली
पहिलीच असेल.

मग पिशवीतून तो एक नक्कल काढतो,
चर्चच्या दफनवहीतल्या चार ओळी :
गुराख्यांसोबतचा मुलगा. वय दहाच्या सुमारास.
सराईच्या तबेल्यात गारठून.
नाव कोणाला सांगता आलं नाही.
खड्डा खणायचे आठ पेन्स.

हा खरा, इड्वल म्हणतो. शाईनिशी खरा.

तेगवेन ग्लास खाली ठेवते.
हा कधी दिसला नाही कोणाला.
नाही.
मग याची गोष्ट का नाही?
गोष्टीला नाव लागतं, तो म्हणतो.
निदान एखादा झगा तरी.

त्या रात्री मी शेवटचा उठलो.
दिवे मालवत ती वर निघाली, नेहमीसारखी
सातवी पायरी ओलांडून. सवय, म्हणाली.
मग अर्ध्यातून परत खाली आली,
मागच्या दाराशी, जिथे तबेला होता
आणि आता गाड्या उभ्या राहतात.
कडी लावली. काढली.
पुन्हा लावली.
काचांवर हिम धरू लागलं होतं.