धर्मकाटा

मंठा रोडच्या आमच्या घराचं लोखंड
माझ्याच काट्यावरून गेलं.
तीन हजार आठशे वीस किलो.
ड्रायव्हर ओळखीचा, हसून म्हणाला, शेठ, आज तुमचीच गाडी,
आणि पावतीवर मी स्वतःचं नाव टाइप केलं:
विश्वंभर ग. खांडेभराड.
त्या घराचं एवढं एकच वजन मला नक्की ठाऊक आहे.

काम तसं सोपं.
भरलेली गाडी प्लेटवर घ्यायची, मग रिकामी.
भरल्यातून रिकामं वजा केलं की उरतो तो माल.
बारा वर्षं हेच करतोय जालन्याच्या एमायडीसीत,
भट्ट्यांच्या लाल उजेडात, बहुतेक रात्रपाळी.
रिकामी तोलताना टाकी डिझेलनं भरून आणणारे,
किन्नरला आत झोपवून आणणारे,
इंजिनाच्या आवाजावरून कळतात मला.

कर्ज वीस लाख. वीस वर्षं. साडेआठ टक्के.
हप्ता सतरा हजार तीनशे छप्पन्न.
परतूरकर मॅडमनी पेढा घेतला आणि फाइल पुढं सरकवली.
एकेचाळीस सह्या केल्या मी.
पुढं कळलं, लाखाला एक पडली,
वर पासष्ट हजार बिनसहीचे.

भंगाराचा भाव पडला होता त्या रात्री,
गाड्याच नव्हत्या.
म्हणून फाइल उघडली आणि पहिला हप्ता काट्यावर घेतला.
भरलेली गाडी: सतरा हजार तीनशे छप्पन्न.
रिकामी: चौदा हजार एकशे सदुसष्ट.
माल: तीन हजार एकशे एकोणनव्वद.
असा ट्रक समोर आला असता
तर मी केबिनमधून उतरून
ताडपत्री वर करून पाहिलं असतं.

मॅडमनी लपवलं काहीच नव्हतं.
नवव्या पानावर सगळं छापलेलं होतं, मराठीतसुद्धा.
दिवसाला दीडशे पावत्या वाचणाऱ्या माणसानं
ते एक पान वाचलं नव्हतं.

तीन वर्षांत भरले सहा लाख चोवीस हजार आठशे सोळा.
कर्ज उतरलं एक लाख तीस हजार.
मग दर एक टक्क्यानं चढला,
हप्ता मात्र तेवढाच राहिला.
कालिंदा म्हणाली, बरी आहे बँक, आपलं बघते.
मीही मान हलवली.
वाढली होती ती मुदत.
सुरुवातीला हप्ते होते दोनशे चाळीस.
छत्तीस भरून झाल्यावर उरले
दोनशे त्रेचाळीस.

काटा बिघडला असं वाटून
मी तीनदा वजाबाकी केली.

ईश्वरी सहा वर्षांची आहे.
पडलेला दुधाचा दात ती आपल्या हातानं स्लॅबवर फेकते.
शेवटचा हप्ता जाईल तेव्हा ती सव्वीस वर्षांची असेल,
आणि माझ्या दातांचं काय सांगावं.

कालिंदा गणवेश शिवते, मापं तोंडपाठ.
फोनवर ती आकडे मागंपुढं करत बसली,
जसं कापड बेतावं तसं.
एकोणीस हजार भरले तर एकशे ब्याण्णव, ती म्हणाली.
एक्कावन्न महिने वाचतात.
रोजचे पंचावन्न रुपये फक्त.
आणि माझ्या शर्टाच्या खिशाकडं बघितलं.
कामून असं बघती?
काही बोलली नाही.
पुडी काढून मी उंबऱ्यावर ठेवली.
सकाळी परत उचलली, तेही सांगून टाकतो.
पण एकोणीस हजारांचा अर्ज दिलाय.

काल पहाटे तीनला प्लेट रिकामी होती.
उतरून मधोमध उभा राहिलो,
काचेतून आकडा बघितला: सत्तर.
घराची किल्ली खिशातून काढली, कठड्यावर ठेवली.
सत्तर.
परत घेतली. सत्तरच.
दहा किलोच्या आतलं आमच्या काट्याला कळत नाही.

मागं हॉर्न वाजला.
हो, हो, सरकतो बाबा,
गाडी जरा सरळ घे.