कथलाचा भाव

तांबाकाट्याच्या मागच्या बोळात
अनंता वडके तासांना कल्हई करायचे.
पालिकेच्या परवान्यावर फक्त "भांडी दुरुस्ती".

लोक आणायचे कापडात गुंडाळून.
फोर्टातल्या एका लिफ्टमनची
चौथ्या-पाचव्या मजल्यामध्ये अडकलेली पंधरा मिनिटं.
माझगावच्या फ्लोरीबाईंचा अख्खा जानेवारी,
झाकण न बसणारा.
वडके आत बोट फिरवायचे, जिभेला लावायचे,
"कळकलंय," म्हणायचे.
"रोज रोज काढून बघता ना?
बघून बघूनच कथील जातं.
मग आतलं गोड बोलणंसुद्धा तांब्याला लागतं
आणि विष होतं."
फ्लोरीबाई उभ्या उभ्या रडायच्या.
त्यांना स्टूल द्यायचं काम माझं.
आणि भाता.

सात वर्षं भाता.
नवसागर टाकला की पांढरा धूर उठायचा,
त्यात क्षणभर दिसायचं आतलं:
लिफ्टमध्ये दुसरं कोण होतं,
ती काय म्हणाली.
धुरात बघायचं नाही, वडके म्हणायचे, डोळे जातात.
मी बघायचे.

एकदा रात्री मोटारीतून एकजण आला.
पिंप आणलं होतं, पिंप,
एक रात्र, चेपलेली, आतून काळीठिक्कर.
म्हणाला, वितळवून टाका. पैशांचं बोला.
वडके चिमटा पुसत राहिले.
"मोड घेत नाही आम्ही.
घासायचं असेल तर ठेवून जा. चिंच तुम्ही आणा."
तो गेला तो गेलाच.
पिंप अजून आहे दाराशी. त्यावर मांजर बसतं.

कथील कुठून आणता, हे मी तिसऱ्या वर्षी विचारलं.
"आणतो कशाला. आहे की."
वाटीला एक दिवस. आपला, जगून झालेला.
पातळ करायचा, कापसाच्या बोळ्याने फिरवायचा.
"मग रद्दी दिवस घाला की," मी म्हटलं,
"रेशनच्या रांगेतले, तापातले."
"घातले होते सुरुवातीला.
आठवड्यात पापुद्रा सुटतो.
चांगलाच दिवस धरतो, पोरी."

म्हणून त्यांना बायकोचं माहेर आठवायचं नाही.
म्हणून कुणी "दादा" म्हणत मिठी मारली
तर ते आधी माझ्याकडे बघायचे
आणि मी हळूच सांगायचे:
धाकटा भाऊ. मोरेश्वर.
शेवटी शेवटी तर पेरू हातात घेऊन,
"हे कसं खातात?"
मीठ लावून, मी म्हटलं.
खाल्ला. हसले.
तो दिवसही संध्याकाळी फ्लोरीबाईंच्या जानेवारीत गेला.
त्या जानेवारीने एकूण अकरा खाल्ले.

तेराव्याला लिफ्टमन आला,
जेवला नाही, भांडंच उघडलं.
लखलखीत तळाशी
दहाएक वर्षांचा मुलगा, बाणगंगेच्या पायऱ्यांवर,
ओल्या चड्डीत, कुणाला तरी हाका मारतोय.
"हा कोण, ते विचारायला आलो."
मला माहीत नव्हतं.
म्हणजे माहीत होतं.

आज केईएमच्या डिंगणकर सिस्टर आल्या.
पहाटेचे तीन दहा. एवढीशी वाटी,
आतून हिरवीगार, हातात धरवत नाही.
माझ्याकडे चांगले दिवस मोजके.
एक आहे:
भाता काढून घेऊन माझ्या हातात चिमटा दिला तो.
परात होती, कडा वाकडी.
वडके मागे उभे, एक शब्द नाही.
मग बोळाच्या तोंडाशी जाऊन चहा सांगितला,
दोन.
नेहमी एकच सांगायचे.

निखारा फुलतोय तोवर हे लिहून ठेवते.
उद्या हा कागद सापडेल,
वाचेन, म्हणेन, अक्षर तर माझंच दिसतंय.

सिस्टर बाहेर स्टुलावर बसल्यात.
साडेसातची ड्यूटी आहे म्हणाल्या.
नवसागराची पुडी कुठे ठेवली कोण जाणे.