कॅमेरा पडल्यानंतरची अकरा मिनिटं

बिस्किटांच्या डब्यात सुया होत्या, बटणं,
एक मेलेलं घड्याळ,
आणि तळाशी ती कॅसेट.
म्हणजे सापडली ती खरोखरच सापडली.

आन्सेल्मुच्या सिनेमात सुरुवातीलाच पाटी येते:
‘ही फीत कारखान्याच्या ढिगाऱ्यात मिळाली.
चित्रण करणाऱ्यांचा पत्ता लागलेला नाही.’
थापा. आन्सेल्मु आजही सतूबलच्या चढावर टपाल वाटतो,
इल्दा बेकरीत असते, गल्ल्यावर.
अबीलियुचा तेवढा –
ते पुढे सांगते.

बंदरामागे सार्डिनचा बंद कारखाना.
तिथे मी एकतीस वर्षं मासळीची मुंडकी उडवली.
म्हणून पोरं दारात आली: ग्रासिएत मावशी,
प्रेत व्हाल का? चालणारं?
पैसे नाहीत. सूप मिळेल.

रक्त इल्दाने उकळलं: बिटाचा रस, काकवी, मूठभर कोको.
गोड इतकं, की धक्क्यावरची मांजरं
ऐन हल्ल्यात आमच्या पोटऱ्या चाटायची.
‘पाय ओढा,’ आन्सेल्मु ओरडायचा,
‘नजर कुठेच नको. हात असे, जणू तुमचे नाहीतच!’
आम्ही सातजणींनी एकमेकींकडे पाहिलं.
हा आम्हाला शिकवतो.
मिठाने फाटलेली बोटं घेऊन
पहाटे चारच्या भोंग्यानंतर टेकडी चढताना
आम्ही अशाच तर चालायचो.
फक्त तेव्हा कुणी घाबरत नसे.

पहिल्याच खेपेला तो ‘कट’ म्हणायचं विसरला.

कॅमेरा अबीलियुच्या हातात. माझ्या बहिणीचा पोरगा, एकोणिसाचा.
कॅमेरा लग्नं टिपणाऱ्या फोटोग्राफरचा, अनामत भरून आणलेला.
लोक विचारतात ना, असल्या सिनेमात
मरणारा माणूस कॅमेरा टाकून पळत का नाही?
अनामत, बाबांनो.
चौऱ्याऐंशी मिनिटांत तो एकदाही दिसत नाही.
दिसतं ते सगळं त्यानेच पाहिलेलं.
तो म्हणजे धाप, जिन्यावर लागलेली ठेच,
एक शिवी, जी त्याच्या आईने ऐकायला नको होती.

शेवटी त्याला मीच खाल्लं. कथेत तसं होतं.
त्याच्या कॉलरला दात लावले
आणि कानाशी विचारलं, जेवलास का रे?
तेही रेकॉर्ड झालंय. अख्खं थिएटर हसलं होतं,
म्हणजे चर्चमागची ती खोली आणि साठ खुर्च्या.

मग कॅमेरा पडतो, ठरल्याप्रमाणे, जाळ्याच्या घडीवर.
सिनेमा इथे संपला. कॅसेट संपत नाही.

तो लक्झेंबर्गला गेला त्याच हिवाळ्यात, परातींवर काम करायला.
दोन पोस्टकार्डं आली. मग एक फोन नंबर,
जो आता कुठल्यातरी दुसऱ्याच घरात वाजतो.
सव्वीस वर्षं.
बहीण त्याचा वाढदिवस करत नाही
आणि केलेला नाही असं म्हणूही देत नाही.

आन्सेल्मुने जुना प्लेअर आणून दिला, थांबला नाही.
एकटीने पाहिलं.
आडवी जमीन. तेलाचा डाग. लांबवर भोक पडलेलं छप्पर.
आणि मेलेले उठतात.
एकेक करून, कंबर धरत, शिंकत,
कुणी तोंडातलं आतडं काढून विचारतं, हे धुऊन ठेवायचं का?
दोना लुर्द्सचे पाय. त्या आता नाहीत.
एर्मेलिंदाचं हसणं, खोकल्यात संपणारं. तीही नाही.
पाव फिरतो हातोहात, वर सार्डिन,
ज्या आम्ही जन्मभर डब्यांत भरल्या आणि खायला वैतागायचो.
एक मांजर येतं, काच चाटतं, बराच वेळ सगळं धुरकट.

दहाव्या मिनिटाला बूट. पिवळ्या नाड्या,
त्या मीच घेऊन दिल्या होत्या.
बूट थांबतात. गुडघा टेकतो.
मग उलटा, एका बाजूने, काकवीने माखलेल्या कॉलरसकट
तोंडात पावाचा घास असलेला चेहरा,
काचेला नाक लागेल इतका जवळ,
आणि माझ्याकडे बघत म्हणतो,
‘अरे, हे चालूच आहे की.’