आपले म्हणणे

नोटीस शुक्रवारी लागली, दिवेलागणीला,
खळ अजून ओली होती.
सील सोमवारी, सकाळी दहा वीसला.
आणि नोटिशीत लिहिलंय:
आपले म्हणणे सात दिवसांत सादर करावे.

पायलीचा हिशेब येतो मला, साहेब.
शुक्रवारपासून सोमवार मोजला
तर हाती तीन उरतात,
त्यातले दोन तुमच्याच सुट्टीचे.

डिंगर आळीत सव्वीस वर्षं गिरणी चालवली.
पट्ट्याने उजवा कान खाल्ला.
गिऱ्हाईक डावीकडून बोलतं, नाहीतर बोटांनी सांगतं:
जाड, बारीक, भाकरीचं, थालिपिठाचं.
एकदाही चूक झाली नाही.

तक्रार खरी आहे. ते आधीच सांगते.
भुसा उडतो.
वरच्या मजल्यावर कुलथ्यांच्या नातीला धाप लागते,
दोरीवरचे तिचे फ्रॉक
दुपारपर्यंत पांढुरके होतात. मी पाहिलेत.
खिडकीला दुहेरी मांजरपाट ठोकला,
अंबडच्या एका फॅब्रिकेटरला
धूळ ओढायच्या यंत्राचा भाव विचारला.
बिडीच्या पाकिटावर त्याने लिहून दिलेला आकडा
आत आहे, गल्ल्यात,
लाखेच्या पलीकडे.
माझं म्हणणंही तिथेच आहे.

आणि बावीस डबे.
पगारे बाईंची नागली, सून बाळंतीण आहे म्हणून.
कोकणीपुऱ्यातल्या रुकय्या चाचींचा टीनचा,
झाकणावर चुन्याने काढलेली चंद्रकोर.
एकावर नाव नाही, पण गाठ ओळखते मी,
असं फडकं फक्त रंगनाथ शिंपी बांधतो.
पंचनाम्यात लिहिलंय, किरकोळ साहित्य.

एकोणिसाव्या दिवशी बोलावलं.
विभागीय कार्यालय, दुसरा मजला, जिन्याशेजारचा बाक.
गवांदे सुलभा केदू!
पुकारा तीनदा झाला म्हणे,
मी उजवीकडून बसले होते.
दोंदे साहेब कागदाशी बोलावं तसं बोलत होते,
वर पंखा करकरत होता.
म्हटलं, जरा मोठ्याने.
शिपाई म्हणाला, बाई, ओरडू नका.
बहिरं माणूस ओरडत नाही हो,
त्याला स्वतःचंही ऐकायचं असतं.

सुनावणी म्हणतात याला.
आमच्यात सुनावतात ते सासवा,
नळावर शेजारणी.
चार मिनिटं त्यांनी मला सुनावलं.
म्हणजे शब्द तरी बरोबर होता.

मला एवढंच म्हणायचं होतं,
आणि ते जिना उतरताना सुचलं:
आधी बोलावलं असतं,
साहेबांच्या डाव्या-उजव्याचा हट्ट नव्हता माझा,
फक्त माझी डावी बाजू त्यांच्याकडे असती,
त्या पोरीलाही आणलं असतं,
तिचा श्वास कसा चालतो ते मी ऐकलं असतं,
तर कदाचित
सगळी दळणं घरोघर पोचवून
शटर मीच ओढलं असतं.
कदाचित म्हणतेय. भांडलेही असते.

निर्णय राखून ठेवलाय.
आम्ही राखून ठेवतो ते
उशिरा येणाऱ्यासाठी, ताटाखाली झाकून,
आणि निदान गरम करून वाढतो.

काल रात्री शटरला डावा कान लावला.
आत गव्हाला सोंडे लागलेत.
बारीक, एकसारखं, बिनपरवाना
दळण चालू आहे त्यांचं.
किती वेळ तशी उभी होते कोण जाणे,
कुणीतरी पदर ओढला.
कुलथ्यांची नात, फ्रॉकवर स्वेटर, अनवाणी.
ओठ हलत होते. काय ऐकता, असं काहीतरी.
मी सरकले, तिला जागा केली.
तिनेही कान टेकवला पत्र्याला
आणि डोळे मोठे केले.

मग मी माझा कान काढला.
तिच्या छातीत
बारीक शीळ वाजत होती.