कसर

बुधवार पेठेत, जोगेश्वरीच्या मागच्या बोळात
माझं बाइंडिंगचं दुकान. दुकान म्हणजे काय,
एक कटिंग मशीन, एक शिकंजा, खळीचं पातेलं,
आणि गिऱ्हाईक आत आलं की मी बाहेर.

पोथ्या येतात, वकिलांचे जाडजूड रिपोर्ट येतात,
मार्चात प्रबंध: काळं रेक्झिन, सोनेरी अक्षरं,
पाच प्रती, उद्याच पाहिजेत.
मी वाचत नाही. पानांचे आकडे बघतो.
वाचणारा बाइंडर उपाशी मरतो, वडील म्हणायचे.

खडकीहून शुलमीतबाई उमाप आल्या.
दारूगोळा कारखान्यात सत्तावीस वर्षं,
डाव्या हाताची दोन बोटं तिकडेच राहिलेली.
पिशवीतून शास्त्र काढलं. आईचं.
कणा मोडलेला, कडा तेलकट,
आणि मध्येच एक पान कसरीनं चाळण केलेलं,
बोट लावलं तर भुसा.

झेरॉक्स आणा या पानाची, म्हटलं, बेमालूम चिकटवतो.
"नको. आईचं वाचन इथंच थांबायचं.
तीन बाया भल्या पहाटे कबरीकडं निघतात,
मढ्याला लावायला सुगंधी द्रव्यं घेऊन.
तोंडावरचा धोंडा कोण लोटणार, हाच घोर.
बघतात तर धोंडा बाजूला,
आत पांढऱ्या कपड्यातला कोणी पोरगा.
म्हणतो, तो इथं नाही. जा, सांगा सगळ्यांना.
आणि त्या पळत सुटतात.
इतक्या भ्यायलेल्या, की कोणाला चकार शब्द नाही."

मग पुढं?

"पुढं कसर."

प्रबंधवाला पोरगा तिथंच अनुक्रमणिका तपासत होता,
हनोख रणपिसे, रास्ता पेठ, तिसरी मुदतवाढ.
गर्रकन वळला.
"मावशी, सगळ्यात जुन्या हस्तलिखितांतही तिथंच संपतं!
पुढचं कोणीतरी मागाहून जोडलं, तुमच्या या झेरॉक्ससारखं."
मग थांबेचना. म्हणे आमचे पंडित
गोष्ट पिळतात, सिद्धांत काढतात,
आणि चोथा पोरांच्या रविवारच्या शाळेला देतात.
दोनशे ऐंशी पानं त्यानं एवढंच लिहिलं होतं,
की तो चोथा नाही.

"दोनशे ऐंशी?" शुलमीतबाई म्हणाल्या.
"आई शास्त्र मिटायची, विचारायची,
त्यांनी कोणाला सांगितलंच नाही,
तर मला कसं कळलं?
आणि भाकऱ्या थापायला जायची.
आम्ही सहा भावंडं. रोज नवं उत्तर.
थोरला म्हणायचा, तिथल्या माळ्यानं बघितलं असणार.
धाकटी म्हणायची, तिघींतल्या एकीला रात्री झोप लागली नसणार."

पोरगा गप्प.
मग पेन काढून प्रबंधाच्याच पाठीवर काही खरडू लागला.
म्हटलं बाबा, ती कड आता कापली जाईल.
म्हणाला, जाऊ दे.

गुरुवारी शास्त्र शिवून दिलं.
भुशाच्या जागी एक कोरं पान घातलं होतं,
शिवणीला काहीतरी धरायला लागतं म्हणून.
बाईंनी उरलेल्या तीन बोटांनी ते चाचपलं.
"यावर सून दुधाचा हिशेब लिहील."
पैसे मोजले, दोनदा.
दारातून म्हणाल्या, "लिहू दे."

घरी अंबुजानं विचारलं, काय विशेष आज?
काही नाही, म्हटलं. सवयीनं.
हात धुतले, खळ निघेना,
जेवलो, बातम्या बघितल्या, दिवा घालवला.

रात्री अडीचला तिला हलवलं.
घाबरली. काय हो, छातीत दुखतंय?

नाही. ऐक.
तीन बाया होत्या.