हरवलेल्या बाणांची वही

सुटलेला बाण परत येत नाही म्हणतात.
म्हणणाऱ्याला धाकटी बहीण नसावी.

नोर्झिमा सोडायची, मी धावायचे
आगाच्या माळावर, थेट टोकापर्यंत,
जिथं बाबांनी मेंढ्यांच्या शेणाच्या विटा रचून
वर गवताचा भारा बांधला होता.
भाऱ्यात घुसले ते तिचे,
गवतात गेले ते माझे, असा वाटा ठरलेला.
पहिल्या उन्हाळ्यात माझा वाटा मोठा होता.

बाण अ‍ॅल्युमिनियमचे, क्लबातून सही करून आणलेले.
म्हणून मी गणिताच्या वहीत मागच्या पानांवर लिहायचे:
चौथा. जून. वारा नदीकडून.
तिसऱ्या खांबाच्या पलीकडे, डावीकडे.
सापडला नाही.

मग तिला चिता शहरानं नेलं, मग इर्कुत्स्कनं,
मग आगगाडीनं पाच दिवस पश्चिमेला.
पत्रात ती फार लिहीत नसे.
एक हजार दोनशे एक्क्याण्णव. थंडी आहे. मोजे पाठवा.
सुट्टीत घरी आली तेव्हा हनुवटीवर
दोरीची बारीक रेघ पडली होती.
आईनं चहात मीठ टाकता टाकता पाहिलं,
म्हणाली, ही आता आपली राहिली नाही.

एका वर्षी बॅग भरून तयार होती,
परदेशातल्या मोठ्या स्पर्धेची,
आणि वरून निरोप आला, कुणीच जायचं नाही.
एकही बाण न सोडता सगळ्यांचे चुकले.
ती बॅग तीन आठवडे दारामागे तशीच.
शेवटी मोजे मी काढले.

नंतर एकदा ती अगदी कडेपर्यंत पोचली.
शेवटचा बाण, दोरी ओढलेली,
आणि झेंडा अचानक दुसऱ्या अंगानं फिरला.
तिनं दोरी सैल सोडली. पुन्हा ओढली.
घड्याळ थांबलं नव्हतं.
गावात शेजारीण विचारत आली, कोणी हरवलं गं?
एकानं, ती म्हणाली.
म्हातारी चिडली. बायकांच्या खेळात हा एक कोण?
नोर्झिमा त्या दिवशी पहिल्यांदा हसली,
मग मागच्या अंगणात गेली आणि बराच वेळ आली नाही.

तिच्या हरण्याची नोंद दुसऱ्या कुणीतरी ठेवली,
छापील, शिक्का मारलेली.
माझ्याकडे फक्त बाण.

तेहतिसाव्या वर्षी खांदा गेला.
किटली उचलताना ती डावा हात वापरते
आणि आम्ही पाहिलं नाही असं दाखवतो.
शाळेमागच्या पटांगणात सात-आठ मुली येतात.
त्यांना ती एकच सांगते,
सोडू नका गं. सुटू द्या.
मुलींना कळत नाही. मलाही कळलं नव्हतं,
मी तर तेव्हा गवतात असायचे.

यंदा एप्रिलमध्ये माळ पेटला.
दोन दिवस धूर, मग काळी जमीन
आणि तिच्यावर चालणारे कावळे.
हरवलेलं कोकरू शोधत गेले होते,
पायाला लागली एक नळी.
पिसं वितळलेली, टोक शाबूत,
तिसऱ्या खांबाच्या पलीकडे.
उजवीकडे.
छत्तीस वर्षं मी डावीकडेच वाकत होते.

तिनं तो तळहातावर तोलला.
कितवा, विचारलं.
चौथा.
अजून किती?
वही काढून मोजले. एकोणीस.

तिनं कोट चढवला.
इतक्या वर्षांत ती कधी भाऱ्यापलीकडे आली नव्हती,
तिची जागा रेघेवर, दोन्ही पाय रोवून.
आता राखेतून माझ्या शेजारी चालते,
पाठ ताठ, मान वर,
नजर दूर कुठंतरी सत्तर मीटरवर.
अशानं काही सापडत नसतं.
मी म्हटलं, नोर्झिमा,
खाली बघ.